वरचे सूर

मनियल, कैरो
८ फेब्रुवारी २०२४

प्रिय दुरिया,

तुझ्या वडिलांविरुद्ध एक गंभीर तक्रार दाखल करण्यासाठी हे पत्र लिहीत आहे. तक्रार दाराच्या घंटेविषयी आहे.

तुला आठवत असेल, तुमच्या दारावर एक कॅनरी पक्षी नोकरीला होता. बटण दाबलं की आत कुठेतरी किलबिलायचा. माझ्या बहिणीने, देव तिच्या आत्म्याला शांती देवो, लग्नानंतरच्या पहिल्या ईदला तो आणला होता. असे पक्षी मनियलमध्ये घरोघर आहेत आणि त्यांच्या गळ्याला काही दर्जा नाही, हे मी मान्य करतो. तरीही इतक्या वर्षांच्या सेवेनंतर त्या निरुपद्रवी जिवाला पूर्वसूचना न देता बडतर्फ करावं आणि त्याच्या पदावर एका गाढवाची नेमणूक व्हावी, हे कोणत्या न्यायात बसतं? गाढव हा शब्द मी अलंकार म्हणून वापरलेला नाही. नवी घंटा खरोखर तशी ओरडते. आणि तुमचा दिवाणखाना माझ्या पलंगाच्या बरोबर वर असल्यामुळे, तुमच्याकडे इस्त्रीवाला आला की मी झोपेत दचकून उठून बसतो.

मी वर जाऊन विचारलं, "फायेक, त्या पक्ष्याने तुझं काय घोडं मारलं होतं?"

"बिघडला होता."

"परवा तर गात होता."

"वजदी, तू लोकांची क्रियापदं तपास. घंटा माझी आहे."

पक्षी जिन्यातल्या कचऱ्याच्या डब्यात सापडला. मी तो खाली आणला, तारा जोडल्या, बटण दाबलं. ठणठणीत आहे. आता माझ्या दारावर असतो.

तू ध्वनीच्या धंद्यातली आहेस. न बिघडलेला पक्षी बिघडला असं एखाद्याला का वाटावं, आणि गाढव मात्र ऐकू का यावं, हे तुला व्याकरणाच्या मास्तराने समजावून सांगायला नको. दोन वर्षांपूर्वी स्टुडिओत, त्याच्या संगीताच्या मिक्सिंगच्या टेबलावर, दिग्दर्शकासमोर तू जे वाक्य बोललीस ते आमच्या घरात अजून कोणी उच्चारत नाही. "बाबा, वरचे सूर तुम्हाला ऐकू येत नाहीत, म्हणून तुम्ही ते वाढवत सुटलाय." वाक्य निर्दोष होतं. मी एरवी त्यात एक स्वरही बदलला नसता. फक्त दिग्दर्शक खोलीबाहेर जाईपर्यंत थांबला असतीस तर बरं झालं असतं. फायेक म्हणाला, "माझ्या टेबलावरून ऊठ." तू उठलीस ती थेट कासाब्लांकात जाऊन बसलीस. उठायला सांगितलं की माणसं सहसा बाजूच्या खुर्चीवर बसतात. तुम्ही दोघं बापलेक मात्र कोणतीही गोष्ट अर्धी करत नाही.

तरुणपणी तौलनिक व्याकरणाच्या नादाने मी संस्कृत घोकलं होतं. एक भारतीय अध्यापक इथे आले होते, त्यांच्या पायाशी बसून. पुढे त्याचा उपयोग कोणालाही झाला नाही, पण एक आनंद टिकला. त्या भाषेतही आपल्या अरबीसारखंच द्विवचन आहे. एक वेगळा, अनेक वेगळे, आणि दोघांसाठी स्वतंत्र सोय. तुम्ही दोघं माझ्या लेखी कायम द्विवचनात होतात. एकवचनात तुझा बाप मला नीट चालवता येत नाही.

फोन का करत नाही, असं विचारशील. फोनवर तू "बाबा कसे आहेत" म्हणतेस आणि मी "उत्तम" म्हणून मोकळा होतो. कागदावर तेवढं सोपं जात नाही.

तुझा,
वजदी मामा


मनियल
१७ मार्च

प्रिय दुरिया,

तुझं उत्तर पोचलं. त्यात दोनच शब्द होते: "डॉक्टर, मामा?" मितभाषीपणा तुझ्या आईच्या घराण्यात कधी नव्हता. हा गुण तू बापाकडून उचललास.

डॉक्टरला दाखवून झालं. तू जे फुकट सांगितलंस तेच त्याने आलेख काढून सांगितलं. त्या आलेखात रेषा बराच वेळ सपाट चालते आणि मग कड्यावरून उडी मारते. कडा दरवर्षी थोडा अलीकडे सरकतो आहे. थांबवता येणार नाही, म्हणाला. कानात घालायची दोन यंत्रं दिली. फायेकने ती एक दिवस लावली, कीबोर्डवर बसला, आणि काढून ठेवली. "पत्र्याच्या ताटावर कोणी चमचा आपटतंय असा वाजतो. ह्यापेक्षा शांतता परवडली." यंत्रं चष्म्याच्या घरात झोपली आहेत.

आता मागच्या पत्रात गाळलेली गोष्ट. ह्या रमजानच्या मालिकेवर मी भाषा तपासायला आहे हे तुला ठाऊक आहे. ऐतिहासिक मालिका, सगळे शुद्ध बोलतात, किंवा मी बोलायला लावतो. सुलतान झालेल्या नटाला गेल्या महिन्यात एका विभक्तीसाठी मी तीनदा थांबवलं, तो म्हणाला, "उस्ताद, माझं राज्य घ्या, पण मला जेवायला सोडा." हे झालं सकाळचं. दुपारी मी फायेकच्या स्टुडिओत असतो, मालिकेचं संगीत त्याचंच आहे, आणि तिथे भाषेचं काहीच काम नाही.

हिवाळ्यात एकदा तो मला म्हणाला, "वजदी, तुला संगीतातलं काही कळत नाही ना?"

"अजिबात नाही."

"शपथेवर सांग."

"तुझ्या लग्नात वाजवणारा तूच होतास, हे मला दुसऱ्या दिवशी कळलं."

"मग देवाची कृपा. तूच हवास. कळणारा माणूस बाहेर जाऊन बोलेल."

तेव्हापासून मी त्याच्या मागच्या सोफ्यावर, त्याला काचेत दिसेन असा बसतो. आवाज टोचला की तर्जनी गुडघ्यावर टेकवायची. मऊ, दबलेला वाटला की तळवा. ठीक असेल तर तसबीहचे मणी ओढत राहायचं. दिग्दर्शक इहाबला वाटतं, मी गाण्याचे शब्द तपासतोय. ईजिप्तमधली लाखो माणसं उपास सोडून जे संगीत ऐकतात, ते माझ्या गुडघ्यावरून पास होऊन जातं. एका वर्तमानपत्राने लिहिलंय की फायेक यांच्या रचनांमध्ये यंदा एक परिपक्व संयम जाणवतो. तो संयम माझा आहे, बाळ. मला लहानपणापासून कर्कश आवाज सोसत नाहीत.

पण तीन दिवसांपूर्वी घोटाळा झाला. तुला पद्धत ठाऊक आहे: चित्रीकरण चालू, संकलन चालू, आणि आज इफ्तारनंतर दिसायच्या भागाचं संगीत आज दुपारीच द्यायचं. उपासाचं पोट, बाहेर वारा नाही. तलवारींच्या लढाईच्या वेळी मी बसल्या जागी झोपलो. माझा हात तसबीहवर होता, म्हणजे सगळं ठीक. भाग गेला. पहिली खजूर तोंडात घालतोय तोच इहाबचा फोन.

"उस्ताद, आज प्रेक्षकांच्या काचा फोडायचा बेत होता काय? माझ्या आईने टीव्ही बंद केला!"

फायेक म्हणाला, "लढाई आहे इहाब. लढाईत कानाला लागायलाच हवं."

 इहाब म्हणाला, "दोन वर्षांपूर्वी तुमच्या मुलीने काय म्हटलं होतं, ते मला आठवतंय हां उस्ताद." आणि ठेवला.

म्हणजे हे असं आहे. एकदा बाहेर कळलं की पुढच्या रमजानला त्याला कोणी काम देणार नाही. ह्या धंद्यात वाईट बातमी सांगत नाहीत, फक्त फोन येईनासे होतात. मी काम जाण्याबद्दल लिहीत नाहीये. हा माणूस नाईलवरच्या तरंगत्या हॉटेलात पर्यटकांच्या सूपवर वाजवून मोठा झाला. मग बासवाल्या बहीगला धरून स्वतःचं जॅझचं त्रिकूट काढलं, आणि मग संवादच नसलेल्या त्या छोट्या चित्रपटापासून पडद्यासाठी लिहायला लागला. तेव्हा तू कीबोर्डच्या खाली चादर घालून झोपायचीस. काम गेलं तर तो उरलेल्या दिवसाचं काय करेल, हे मला सुचत नाही.

एक गमतीची गोष्ट सांगून थांबतो. परवा एका वाहिनीवर त्याची मुलाखत झाली. विचारणारी मुलगी तरुण होती, आवाज अगदी तुमच्या पक्ष्यासारखा. तिने विचारलं, मालिका आणि जॅझ यांतलं अधिक अवघड काय? त्याला काही ऐकू आलं नाही. पण मुलाखतीत शेवटी घरच्यांविषयी विचारतात, ह्या अंदाजाने तो हसून म्हणाला, "ती कासाब्लांकात असते. माझ्यापेक्षा चांगलं ऐकते."

मुलगी गोंधळली आणि जाहिराती लागल्या.

वजदी मामा


मनियल
२० एप्रिल

प्रिय दुरिया,

गुरुवारी त्रिकुटाचा कार्यक्रम झाला. तू येशील असं मी कोणालाही म्हटलं नव्हतं, तरी बहीगने पुढच्या रांगेत एक खुर्ची रिकामी ठेवली होती. तिच्यावर शेवटी माझी टोपी बसली.

काय घडलं ते नीट क्रमाने लिहितो, कारण वर्तमानपत्रात वेगळंच आलंय.

मालिकेच्या शेवटच्या भागासाठी फायेकने एक शोकगीत केलं होतं. आपल्याकडच्या रडण्याला जो सूर लागतो तो साध्या पांढऱ्या-काळ्या पट्ट्यांत नसतो, म्हणून त्याच्या कीबोर्डवर बारीक बटणांची रांग आहे. ती दाबून त्याने गंधार आणि निषाद पाव सुराने उतरवून ठेवले होते. मग ईद आली, मग घाई झाली, आणि तोच कीबोर्ड तसाच उचलून मंचावर मांडला गेला. बटणं पूर्ववत करायची कोणाला आठवण झाली नाही. अशी चूक आपल्याच शहरातला माणूस करू शकतो. सकाळी सुलतानाच्या जनाज्याला सूर द्यायचा आणि संध्याकाळी जॅझ वाजवायचा, दोन्ही एकाच यंत्रावर.

त्याने सुरुवातच तुझ्या आईसाठी केलेल्या धुनेने केली. ती धून मलासुद्धा ओळखता येते, यावरून काय ते समज. तिसऱ्याच स्वराला काहीतरी पायरी चुकल्यासारखं झालं. जिन्यात अंधारात शेवटची पायरी आहे असं वाटून पाऊल टाकावं आणि ती नसावी, तसं. मी बहीगकडे पाहिलं. बहीगने फायेककडे पाहिलं. फायेक डोळे मिटून वाजवत होता, आणि त्याच्या चेहऱ्यावर काही म्हणजे काही उमटलं नव्हतं.

त्याला ऐकू येतच नव्हतं, दुरिया. वरचे सूर गेलेत एवढंच नाही. उरलेले सूरही आता खरे ऐकू येत नाहीत. तो बोटांच्या आठवणीवर वाजवत होता.

मग बहीगने एक गोष्ट केली. त्याच्या डबल बासला पडदे नाहीत, बोट ठेवू तिथे सूर. त्याने आपलं बोट तारेवर केसभर सरकवलं आणि तो फायेकच्या चुकीच्या सुरात जाऊन उभा राहिला. ओळ संपताना दोघं एकाच जागी होते. चूक एकाने केली की चूक असते. दोघांनी मिळून केली तेव्हा श्रोत्यांना तो बेत वाटला. कोणीतरी "अल्लाह!" म्हणून ओरडलं. शेवटी लोक उभे राहिले.

आतल्या खोलीत फायेक घाम पुसत म्हणाला, "आज काय झालं लोकांना? बहीग, मी काय केलं?"

"काही नाही उस्ताद. छान वाजवलंत."

"ती धून मी तीस वर्षं वाजवतोय. तिला कोणी उभं राहत नाही."

"आज रमजाननंतरची भूक होती."

तेवढ्यात हमालांनी कीबोर्ड आत आणून टेकवला. फायेकने त्या बटणांच्या रांगेकडे पाहिलं. कोणती खाली आहेत ते पाहिलं. मग बराच वेळ तो टॉवेलची घडी घालत राहिला.

"तू ऐकलंस," तो बहीगला म्हणाला.

"हो."

"आणि मला थांबवलं नाहीस. माझ्याबरोबर खाली उतरलास?"

"मग काय करू? तुम्ही खड्ड्यात, आणि मी काठावर उभा राहून ताल धरू? बरं दिसलं असतं?"

फायेक हसला. त्याने बहीगच्या टकलावर टॉवेल टाकला. पण घरी येताना टॅक्सीत मला म्हणाला, "वजदी, त्याने दया केली माझ्यावर. स्टेजवर. इतकी वर्षं आम्ही एकमेकांवर सगळं केलं, शिव्या घातल्या, पळवून लावलं, पण दया नव्हती केली."

दुसऱ्या दिवशी छापून आलं: पूर्व आणि पश्चिमेचा धाडसी संगम. इहाबचा फोन आला. लढाई विसरला होता. पुढच्या मालिकेचं शीर्षकसंगीत त्याला नेमकं असंच हवंय. फायेकने फोन माझ्या हातात दिला आणि म्हणाला, "सांग त्याला, विचार करतो. जे चुकून झालं ते आता मुद्दाम करायचं, आणि बरोबर चुकलंय की नाही ते तुझ्या गुडघ्याला विचारायचं."

तू लिहिलंस, "मी माफी मागणार नाही, मी खोटं बोलले नव्हते." मान्य. तुला माफी मागायला कोणी सांगितलेलं नाही. खरं बोलणाऱ्याने येऊन नुसतं बसावं, असाही एक प्रयोग भाषेत आहे.

मामा


मनियल
१२ मे

प्रिय दुरिया,

ह्या पत्रात तक्रार नाही. गाढवाची मला सवय झाली आहे. हल्ली तर ते ओरडलं की बरं वाटतं, वर कोणीतरी दार उघडायला उठलं असं समजतं.

रमजानभर सरकारने वीज घालवली नाही. आता ती रोज जाते, कधी आपल्या आळीची, कधी पलीकडची. काल दुपारी मी बाकल्याच्या दाण्यांची उसळ, आपलं फूल, आणि कांदा घेऊन वर गेलो. किल्ली माझ्याकडे आहे. तो बाल्कनीच्या दाराशी कीबोर्डवर बसला होता, कानांवर हेडफोन, पाठ माझ्याकडे. मी स्वयंपाकघरात ताट वाढायला गेलो, आणि फ्रीज खरखरून थांबला. खाली लिफ्ट अडकली आणि कोणीतरी दरवानाच्या नावाने ओरडू लागलं. पलीकडच्या घरातला रेडिओ वाक्याच्या मध्येच गेला. मला वाटलं, आता फायेक एक शिवी हासडेल आणि जेवायला येईल.

तो आला नाही. मी दारात येऊन पाहिलं. उजेड भरपूर होता, पंखा लावलेला नव्हता, कीबोर्डचे दिवे विझलेले त्याच्या नजरेत आले नसावेत. तो वाजवत होता. पट्ट्या खाली जाताना होतो तेवढाच कोरडा आवाज, टक टक. मग त्याने डावा हात उचलला आणि आवाजाचं बटण थोडं वाढवलं. पुन्हा वाजवलं. बटण आणखी फिरवलं. मग शेवटपर्यंत फिरवलं, आणि त्या बटणावर त्याचा हात तसाच राहिला.

तेव्हा माझ्या लक्षात आलं की वीज गेली हे त्याला माहीत नाही. त्याला वाटलं, तो दिवस आला.

मी हाक मारायला हवी होती. पुढे होऊन खांद्यावर हात ठेवायला हवा होता. मी ताट धरून उभा राहिलो, कारण तो काय करेल ते मला बघायचं होतं. तो ओरडला नाही. उठला नाही. मला हाक मारली नाही, मी खालीच असतो हे त्याला ठाऊक असून. त्याने हात पुन्हा पट्ट्यांवर आणला आणि तुझ्या आईची धून पहिल्यापासून सुरू केली. सगळी वाजवली, मधले थांबेसुद्धा. एक ठिकाण आहे, तिथे तो नेहमी मान जराशी उजवीकडे वळवतो, बहीग उभा असतो त्या बाजूला. तिथे त्याने मान वळवली.

मग मला बटणाची आठवण झाली. ते शेवटपर्यंत फिरवलेलं होतं. वीज परत आली असती तर उरलेसुरले कानही फुटले असते. मी ताट जमिनीवर ठेवून धावत जाऊन ते खाली केलं. तो दचकला. मी भिंतीवरच्या दिव्याचा खटका वरखाली करून दाखवला. वर, खाली. दिवा लागला नाही.

त्याला कळायला क्षणभर लागलं. मग तो इतका हसला की डोळ्यांतून पाणी आलं. "वीज गेली!" म्हणाला. "गाढवा, नुसती वीज गेली!" मला मिठी मारली. आम्ही फूल खाल्लं, त्याने दोन कांदे जास्त खाल्ले. वीज आल्यावर हेडफोन लावून त्याने एक सूर दाबला, अंगठा वर करून मला दाखवला, आणि म्हणाला, "आहे अजून."

इहाबला तो होकार देणार आहे. मी गुडघा घेऊन जाईन, त्याची मला चिंता नाही. लोकांना कळेल, केव्हातरी कळणारच, त्याचीही आता तेवढी नाही. तो दिवस येणार हे तू मला दोन वर्षांपूर्वीच सांगितलं होतंस, म्हणून तोही मी सोसेन.

भीती वेगळी आहे. तो दिवस खरोखर येईल तेव्हा फायेक कोणालाही सांगणार नाही. असाच बसून, मान वळवत, वाजवत राहील. आणि मी खालच्या मजल्यावर असेन, छतातून टक टक ऐकत, आणि मला वाटेल की त्याचा सराव चाललाय.

वजदी मामा